खांडीवरची हाक

मध्यवर्ती कारागृह, स्थानबद्ध विभाग
८ ऑक्टोबर १९८३

ती. गिरजाताईस,

खारकोंडच्या काळुरामचा नमस्कार, आणि तोही तुरुंगातून. वरचा पत्ता वाचून खाली बसली असशील तर ऊठ. मी चांगला आहे. भात खड्यासारखा मिळतो एवढीच काय ती तक्रार.

झालं असं. गेल्या शनिवारी सकाळी जीप आली. फौजदारांनी कागद काढून दाखवला आणि म्हणाले, राष्ट्रीय सुरक्षा कायदा. चोरी नाही, मारामारी नाही, खटला नाही, कोर्टही नाही. पुढे काही करशील म्हणून आधीच आत, आणि ते बारा महिन्यांपर्यंत ठेवू शकतात म्हणे. तिथून थेट घाट चढून इथं आणलं.

कारण तुला माहीत असेलच. भाद्रपदातल्या पुनवेच्या उधाणाला दुपारच्या भरतीनं आमचा बांध फुटला. बार्ज अगदी काठाला घासून जातात, त्यांच्या लाटांनी तिथली माती कधीची पोखरली होती. खांड गेली, म्हणजे बांधाला भगदाड पडलं, की हाक घालायची आणि हाक ऐकली की घरटी एक माणूस फावडं घेऊन धावायचं, ही आमची रीत. सगळा गाव आला. जुनी होडी खांडीत बुडवून वर चिखल लोटला. ओल्या चिखलावर लाट नको म्हणून चार होड्या खाडीत आडव्या लावून ओहोटी लागेपर्यंत बार्ज थोपवून धरले. पोटरीत आलेलं भात वाचलं. पण बार्जच्या कंपनीनं तक्रार केली, आणि साहेब लोक गावात येऊन विचारायला लागले, माणसं कुणी गोळा केली? मी सरळ सांगितलं, "हाक माझी."

इथं मला इंग्रजीत टाईप केलेले कागद दिले. मी सही केली. तू घरी जाऊन ये. धाकट्या नाथाची बार्जवर शिफ्ट असते, तो दोन-दोन दिवस घरी नसतो. त्याची सगुणा एकटी आहे आणि लेकरू अंगावर पितं. तिला सांग, भावोजी मजेत आहेत.

तुझा,
काळुराम

•

रोह्याजवळून
१६ ऑक्टोबर १९८३

चि. काळुराम यास आशीर्वाद, आणि हे पत्र आधी उघडून वाचणाऱ्या तुरुंगातल्या साहेबांना नमस्कार. साहेब, पुढे थोडं रागाचं लिहिलं आहे. ते तुमच्यासाठी नाही, या गाढवासाठी आहे.

काळुराम, त्या पुनवेला तू कुठं होतास? तुला आठवत नसेल तर मी सांगते. माझ्या घरी, माझ्या पडवीत. आमच्या ह्यांच्या पायाला प्लास्टर घातलं म्हणून बघायला आला होतास. वालाचं बिरडं दोनदा मागून घेतलंस. भरतीच्या वेळी तू ढेकर देत ह्यांच्या प्लास्टरवर टिचक्या मारून बघत होतास. संध्याकाळच्या एसटीनं परत गेलास तेव्हा तुझ्या गावची खांड बुजून चिखल सुकायला लागला असेल. आणि म्हणे हाक माझी! रोह्यातून हाक घातलीस आणि ती धरमतरच्या खाडीत ऐकू गेली, एवढा तुझा गळा मोठा असेल तर तुला गाण्याला घालायला हवं होतं.

तुझ्या डोक्यात काय चाललंय ते मला कळतं. पुढच्या वर्षी ग्रामपंचायतीची निवडणूक आहे. तुरुंगात जाऊन आलेला माणूस म्हणून हार घालून घ्यायचे आहेत, दुसरं काय.

मी महिपती वकिलांकडे जाऊन आले. म्हातारे आता कोर्टात जात नाहीत, पण डोकं अजून जागेवर आहे. ते म्हणाले, विनाखटला ठेवतात म्हणून माणसाला काहीच हक्क नाहीत असं मुळीच नाही. का धरलं ते तुला कळेल अशा भाषेत सांगायला हवं. तू इंग्रजीत सही ठोकलीस ते कागद तुला वाचता येतात का? नाही ना? मग आजच्या आज मराठी प्रत माग. त्यावर तुझं म्हणणं लिहून सरकारला पाठवायचा तुला हक्क आहे, आणि त्यांनी ते वेळेत वाचून ठरवायला हवं. मग तीन न्यायाधीशांचं सल्लागार मंडळ तुला समोर बोलावून ऐकून घेतं. मंडळानं म्हटलं की पुरेसं कारण नाही, तर सरकारला सोडावंच लागतं.

मंडळापुढे वकील चालत नाही. पण एक मित्र बरोबर नेता येतो, वकील नसलेला. मी विचारलं, मित्र म्हणजे पुरुषच असं कुठं लिहिलंय का? महिपती वकील हसले आणि नाही म्हणाले. तेव्हा मित्र ठरला. तू फक्त अर्जात माझं नाव घाल आणि त्या दुपारी तू रोह्यात होतास हे स्वच्छ लिही. ह्यांचं प्लास्टर अजून आहे, लागलं तर तेही दाखवू.

तुझी,
गिरजाताई

•

मध्यवर्ती कारागृह
२५ ऑक्टोबर १९८३

ती. गिरजाताईस नमस्कार,

तुझं पत्र आमच्या इथल्या कारकुनानं मला देताना तोंडावर रुमाल धरला होता. "बहीण मोठी खमकी आहे तुमची," म्हणाला.

मराठी प्रत मागितली आणि मिळाली. तिच्यात लिहिलंय की मी भर दुपारी बांधावर उभा राहून, हातात पहार घेऊन, पाचशेच्या जमावाला चिथावलं. ताई, शेळ्या-कोंबड्या धरल्या तरी आमचा गाव पाचशे भरत नाही. वाचता वाचता मी एकटाच मोठ्यानं हसलो. शेजारच्या कोठडीतला म्हणाला, सुटका झाली काय?

अर्ज केला, त्यात तुझं नाव मित्र म्हणून घातलं. सरकारला निवेदनही पाठवलं. त्यात बांधाची रीत लिहिली, बार्जनी बांध कसा खाल्ला ते लिहिलं. पण मी रोह्यात होतो ते लिहिलं नाही आणि लिहिणार नाही. निवडणूक गेली खड्ड्यात. का ते सांगतो, तू समजून घे.

तू माझी मावसबहीण, खाडीकाठची नाहीस, म्हणून नीट सांगतो. आमच्याकडे उघाडीची, म्हणजे बांधातल्या पाण्याच्या दाराची, राखण दर वर्षी एका घराकडे असते. त्या घरचा कर्ता तो उघाडीवाला. खांड गेल्यावर तोंडानं ओरडो कुणीही, हाक उघाडीवाल्याचीच. हाक खोटी निघाली आणि लोकांचा दिवस बुडाला, तर शिव्या त्यानं खायच्या. धावपळीत कुणाचा पाय मोडला, तर त्याच्या घरचं त्यानं बघायचं. कोण ओरडलं हे कुणी विचारत नाही, विचारायचंच नाही. नाहीतर उद्या माणूस पाणी बघूनही गप्प बसेल. यंदा उघाडी माझ्याकडे आहे. म्हणून हाक माझी. यात मी खोटं काय बोललो?

मी तिथं नव्हतो असं लिहिलं की पुढचा प्रश्न येणार, मग ओरडलं कोण? त्याचं उत्तर माझ्या तोंडून कुणाला मिळणार नाही. तूही विचारू नकोस. पत्र तीन जण वाचतात.

काळुराम

•

रोह्याजवळून
२ नोव्हेंबर १९८३

चि. काळुराम,

विचारू नकोस म्हणालास, म्हणून दुसऱ्याच दिवशी एसटी पकडून वडखळला उतरले आणि तुझ्या गावी गेले. ऐन दिवाळीच्या तोंडावर, चकल्या अर्ध्या टाकून.

जाताना मनात पक्कं होतं की हा भावाला पाठीशी घालतोय. नाथा ओरडला असणार आणि त्याचीच नोकरी बार्जवर, म्हणून ह्याची दातखीळ बसलीय. नाथा घरीच होता. मी दारातून आत पाय टाकायच्या आधी त्याला झोडायला सुरुवात केली. तो बिचारा म्हणाला, "आक्का, मी त्या दिशी बार्जवरच होतो गो. माझ्याच बार्जला गावानं अडवला. दोन तास मी आपल्याच लोकांच्या शिव्या खाल्ल्या."

तेवढ्यात सगुणा चुलीपासून उठून आली. लेकरू काखेत. मला म्हणाली, "वन्सं, हाक मी घातली."

मी म्हटलं, हळू बोल. तर ती आणखी मोठ्यानं बोलायला लागली. "हळू कशाला? मी काय चोरी केली हाय? कपडे वाळत घालाया बांधावर गेले होते. बघते तर पाणी आत. पोराला तिथंच गवतात ठेवला नि ओरडत आळीआळीतून पळाले. पोलीस आले तवा बायकांना म्हणाले, घरात व्हा. मला कुणी विचारलंच नाय."

मी तिला सांगितलं की हे पत्र तुरुंगात वाचतात, तुझं नाव लिहीत नाही. तर म्हणाली, "नाव लिवा माझं, वन्सं. नीट लिवा. सगुणा नाथा म्हात्रे." म्हणून लिहिलं आहे. पत्र वाचणाऱ्या साहेबांनीही नीट वाचावं.

आता कायद्याचं. महिपती वकील म्हणतात, मंडळापुढे तुला साक्षीदार आणता येतो. पण तो तू मागायला हवा आणि त्या वेळी दारात हजर हवा. हजर ठेवायचं काम माझं. मागायचं काम तुझं, ते मला करता येत नाही. बुडतं शेत वाचवायला शेजाऱ्याला बोलावणं हा कुठल्याच कायद्यात गुन्हा नाही, हे म्हाताऱ्यानं टेबलावर हात आपटून सांगितलं. मला ते पटलं. सगुणाला तर कुणी पटवायची गरजच नव्हती.

गिरजाताई

•

मध्यवर्ती कारागृह
७ नोव्हेंबर १९८३

ताई,

हे तू चांगलं केलं नाहीस. मंडळ चौदा तारखेला मुंबईत आहे. तू ये, मित्र म्हणून ये. सगुणाला आणू नकोस.

गुन्हा नाही म्हणतेस. माझा तरी कुठं गुन्हा होता? तरी इथं बसलोच आहे ना? उद्या असाच एक कागद तिच्या नावानं निघाला तर ते लेकरू कुणाच्या अंगावर प्यायचं? तुझ्या महिपती वकिलांच्या? मी बारा महिने काढीन. आरामात काढीन. इथं सुतारकाम शिकवतात, येताना तुला पाट करून आणीन. घरात मी मोठा आहे, आणि हे मी ठरवलं आहे.

काळुराम

•

रोह्याजवळून
१० नोव्हेंबर १९८३

काळुराम,

तुझं पत्र सगुणाला वाचून दाखवलं. पाटापर्यंत ऐकलं आणि उठून गेली.

आम्ही दोघी येतो आहोत, लेकरू धरून तिघं. साक्षीदार मागणं हा तुझा हक्क आहे आणि न मागणं हाही तुझाच. तू मागितलं नाहीस तर ती बाकावर बसून परत येईल. पण बाकावर बसायचा हक्क तिचा आहे, तो तुला काढून घेता येणार नाही.

दाढी करून ये. न्यायाधीशांपुढे जायचं आहे.

गिरजाताई

•

मध्यवर्ती कारागृह
१७ नोव्हेंबर १९८३

ती. गिरजाताईस साष्टांग नमस्कार,

तुम्ही बाहेर होतात तेव्हा आत काय झालं ते तुला ठाऊक नाही. पोलिसांनी मला लगेच गाडीत बसवलं, बोलूही दिलं नाही. म्हणून लिहितो.

मोठी खोली, लांब टेबल, तिघे न्यायाधीश. मित्राला नंतर बोलावू म्हणाले. मला खुर्ची दिली. आधी त्यांनी विचारलं, कारणं कुठल्या भाषेत दिली? मी सांगितलं, आधी इंग्रजीत, मराठी मी मागितल्यावर. निवेदनाला उत्तर आलं? नाही म्हटलं. मधले न्यायाधीश बराच वेळ लिहीत होते. मला वाटलं, आपलं काम झालं, कुणाचं नाव घ्यायला नको.

मग डावीकडचे, चष्मेवाले, सहज विचारतात तसं म्हणाले, "हाक तुम्ही दिलीत?"

"माझीच," मी म्हटलं.

"तुम्ही हाक दिलीत तेव्हा पाणी कुठपर्यंत आलं होतं?"

ताई, ऐक. पोलिसांना हाक माझी म्हणताना मला काहीच वाटलं नव्हतं. रीतच तशी आहे. पण पाणी कुठवर होतं हे मी कसं सांगू? मी बघितलंच नव्हतं. गुडघाभर म्हणालो असतो तरी त्या साहेबांना काय कळणार होतं, त्यांनी खाडी कधी बघितली असेल? एक शब्द टाकला असता की भागलं असतं. पण तो तोंडातून निघेना. आम्ही लहानपणापासून हेच शिकतो. बाकी काहीही थाप मार, उघाडीवर उभा राहून पाण्याचं खोटं सांगायचं नाही. त्यावर विसंबून गाव झोपतो.

साहेबांनी पुन्हा विचारलं. मी म्हटलं, "साहेब, मला ठाऊक नाय. मी तवा रोह्याला होतो, बहिणीकडं. पाणी बघितलं ते माझ्या भावजयीनं. ती बाहेर बाकावर बसली हाय. तिला बोलवा."

पुढचं तुला माहीत आहे, ती लेकरू तुझ्या मांडीवर टाकून आत आली. तू बाहेर "आला गो आला" करत त्याला गप्प करत होतीस, ते आम्हाला आत ऐकू येत होतं.

सगुणा खुर्चीवर बसली नाही. उभी राहूनच सांगितलं. पाणी पहिल्या दोन वाफ्यांत, खांड हातभर, आणि ती बघते आहे तोवर दोन हात. साहेबांनी विचारलं, "एवढे लोक तुझ्या एका आवाजावर कसे आले?" ती म्हणाली, "त्यांची पण शेतं हायत ना." "पहारी कशाला आणल्या?" "खांडी काय हातानं बुजवायच्या?" "बार्ज का अडवले?" "चिखल ओला होता. माझा घरवाला त्याच बार्जवर होता, त्यालाच विचारा लाट किती उठते ती." मग म्हणाली, "साहेब, हाक घालायला कुणाची परवानगी लागते ती पण सांगा. पुढच्या उधाणाला आधी घेऊन ठेवीन."

चष्मेवाले साहेब खाली बघून लिहायला लागले. मला वाटतं ते हसत होते.

त्यानंतर लेकरू खांद्यावर टाकून तू आलीस आणि मराठी प्रतीवरून जे बोललीस, ते तर मी तिथंच ऐकलं. मित्र असावा तर असा.

निकाल सरकारकडून कळेल म्हणाले. माझ्या मनात शंका नाही. फक्त सगुणाची काळजी वाटते. ती घरी नीट पोचली ना?

काळुराम

•

रोह्याजवळून
२२ नोव्हेंबर १९८३

चि. काळुराम,

नीट पोचली. तिला कुणी काही विचारायला आलेलं नाही आणि येणारही नाही. वडखळपर्यंत आम्ही बरोबर होतो. मी सगळा वेळ मंडळापुढे मी काय काय बोलले ते तिला सांगत होते. ती एक शब्द बोलली नाही. पहाटेची उठलेली आणि लेकरानं हैराण केलेली, दमली असेल बिचारी. तिनं तुझी सुटका केली आहे, घरी गेलास की तिला चांगलं लुगडं घे.

पाट मात्र आता नको. अर्धा झाला असेल तर तसाच सोडून ये.

गिरजाताई

•

खारकोंड
४ डिसेंबर १९८३

ती. गिरजाताईस,

हा पत्ता लिहिताना बरं वाटलं. मंडळानं पुरेसं कारण नाही म्हटलं आणि सोमवारी मला सोडलं. हे पत्र तुझ्याआधी कुणी वाचलेलं नाही.

वडखळला अख्खा गाव उभा होता. हार घातले, वाजंत्री लावली, "काळुरामची हाक, काळुरामची हाक" करत मला मिरवत आणलं. मीही ताठ मानेनं चाललो. खोटं कशाला सांगू, छाती दोन इंच फुगली होती. नाथा पुढे नाचत होता.

घरी सगुणानं ताट वाढलं. कोलंबीचं कालवण, तांदळाची भाकरी. पण एक अक्षर बोलली नाही. दुसऱ्या दिवशीही तेच. लुगडं आणलं ते तसंच खुंटीवर राहिलं. मी म्हटलं, बाई, काय झालं? तुझ्यासाठी मी दोन महिने तुरुंगात काढले.

तेव्हा फुटली. ताई, ती दमलेली नव्हती. तिला राग आला होता आणि तो माझा होता. म्हणाली, "माझ्यासाठी? मला विचारलात? ओरडून ओरडून माझा गळा बसला, आठ दिस आवाज नव्हता. पोर गवतात टाकून पळाले मी. ती हाक पोलिसांनी तुमची केली, कंपनीनं तुमची केली, तुमी पण तुमचीच केलीत. मुंबईच्या साहेबानं मला विचारला, तेवढ्या माणसानं. आता गाव वाजत नाचत तुमचीच म्हणतो नि तुमी हार घालून ऐकत येता. मला लुगडं नको, भावोजी."

मी तिला वाचवलं असंच मी इतके दिवस धरून चाललो होतो, आणि त्यावर तुरुंगातला खड्यांचा भातही गोड लागत होता. रात्रभर कूस बदलत राहिलो. तिचं म्हणणं कुठून तरी खोटं ठरेल का ते शोधत होतो. कुठूनच ठरेना.

काल देवळापाशी गावकी बसली, पुढच्या वर्षाची उघाडी कुणाकडे ते ठरवायला. मला पुन्हा हार घालायला उठले. मी हात वर केला आणि उभा राहिलो. म्हटलं, पुनवेची हाक माझी नव्हती. मी रोह्यात बिरडं खात होतो. हाक सगुणाची. इथून पुढं जो घालील त्याचीच हाक, आणि तिचा जाब सगळ्या गावानं मिळून द्यायचा.

म्हातारे एकमेकांकडे बघायला लागले. सगुणा मागे बायकांत लेकरू घेऊन उभी होती. तिथूनच तिनं आवाज दिला, "भावोजी, मोठ्यानं बोला. खालच्या आळीला ऐकू नाय आलं."

मी पुन्हा बोललो, मोठ्यानं.

तुझा,
काळुराम